पल्याडचा हात

१

रिसोडच्या मुलखात पैनगंगा एके जागी दोन धारांत फुटायची आणि थोडं पुढं गेली की पुन्हा एक व्हायची. मधल्या जमिनीला सगळे बेटच म्हणत. अल्याड वऱ्हाड, पल्याड मोगलाई आणि मधोमध भोयांची वस्ती. शेतसाऱ्याच्या वसुलीच्या वेळेला दोन्हीकडचे पाटील म्हणत, बेट आमचं. आणि पुरात झोपड्या वाहून गेल्या की दोघंही म्हणत, बेट त्यांचं. भोयांना त्याचं सोयरसुतक नव्हतं. डोहात मासळी होती तोवर त्यांना कोणताच पाटील नको होता.

मासळी गेली तशी माणसं गेली. वरच्या अंगाचं रान ठेकेदारांनी तोडून नेलं, तिथं कपाशी आली, आणि दर पावसाळ्याला त्या वावरांची माती नदीत उतरून डोहात बसू लागली. जिथं बांबू बुडायचा तिथं बायका गुडघाभर पाण्यात उभ्या राहून भांडी घासू लागल्या. मग कुणी वाशीमच्या जिनात कापसाच्या कामाला गेलं, कुणी सडकेची खडी फोडायला. जाताना जो तो म्हणायचा, मिरग लागला की येतो. कितीतरी मिरग लागले आणि सरले. त्यांच्या झोपड्यांचे कूड कमलीबाईनं चुलीत घातले, आणि घालताना एकेकाचं नाव घेऊन शिव्याही घातल्या. ही कमलीबाई बेटावरची म्हातारी विधवा. तिचं एक घर आणि जगदेव भोयाचं एक, एवढंच आता बेट उरलं होतं.

जगदेव पन्नाशीचा, अंगानं काटक, तोंडानं फटकळ. बायको गोजराबाई आणि एकुलता एक पोरगा रूपला. पोरगा लग्नाचा झाला होता. पण जिथं चूल पेटायची मारामार, त्या बेटावर पोरगी कोण देणार?

"बा," एका सकाळी जाळं खांद्यावर घेता घेता रूपला म्हणाला, "हा बाजार पाहतो, फार तं पुढचा पाहतो. मंग मी चाललो जिनात."

"जाय ना. कोनं पाय धरले तुहे?" जगदेव म्हणाला. "तिथं कापसाची भुकटी नाकात जाईन, अन् खोकत बसशीन."

"खोकीन. पन जेवून खोकीन."

पोरगा गेला की बेट संपलं, हे जगदेवला स्वच्छ दिसत होतं. आजानं जाळं विणलं, बापानं विणलं, आणि आपल्यामागं इथं नुसती वाळू, ही गोष्ट त्याच्या घशाखाली उतरत नव्हती. रूपला जरा वेळ दिसला नाही की तो काहीतरी काम काढून त्याला हाक मारायचा, आणि पोरगा आला की काम विसरायचा. गोजराबाईला हे कळत होतं. तिला हसूही यायचं आणि रडूही.

२

ओढीचं जाळं म्हणजे दोन काठांचं काम. एक हात बेटाच्या बाजूला, एक हात पल्याड मोगलाईच्या काठावर, मध्ये डोहभर जाळं आणि त्याच्यावर वाळक्या भोपळ्यांची रांग तरंगत असायची. दोन्हीकडच्या माणसांनी बरोबरीनं धारेच्या अंगानं चालायचं आणि खालच्या उथळात जाळं आवळायचं. पाण्यावरून आवाज नीट पोचत नाही, म्हणून दोराला हिसके द्यायचे. एक हिसका म्हणजे धरलं, दोन म्हणजे चला. पल्याडचा काठ निसरडा, तिथला माणूस दोर कमरेला वेढून घ्यायचा. जिकिरीचं काम ते, म्हणून दर आठवडी बाजाराच्या दुसऱ्या दिवशी पाळी बदलायची. पल्याडचा अल्याड यायचा, अल्याडचा पल्याड जायचा. दोराला ज्याचा हात त्याला वाटा, आणि वाटा घेतला त्याला पाळी, ही भोयांची रीत. सख्ख्या भावालाही तिच्यातून सूट नव्हती.

पण ही माणसं होती तेव्हाची गोष्ट. आता बापलेक दोघंही बेटाच्या काठावरून ओढत आणि पल्याडचं टोक जांभळीच्या खोडाला बांधून येत. मग जाळं दाराच्या फळीसारखं एकाच अंगानं फिरायचं, भोपळ्यांची रांग तिरपी व्हायची आणि असलेली मासळीही मोकळ्या अंगानं निघून जायची. सगळं ठाऊक असून बापलेक रोज तेच करत, कारण दुसरं करायला माणूस नव्हतं.

कार्तिकातली ती सकाळ. पाण्यावर धुकं होतं, पल्याडचा काठ दिसत नव्हता. ओढता ओढता जगदेवचं लक्ष भोपळ्यांकडे गेलं. रांग सरळ होती.

तो थांबला. मागून रूपला धडकला.

"दोर कुठी बांधला होता तू?"

"जांभळीले. रोज बांधतो तिथंच. काहून?"

"नीट बांधला होता?"

"आता गाठ बांधाले शिकवतं काय मले?"

जगदेवनं पुन्हा पाहिलं. भोपळे एका ओळीत, धारेला आडवे, जसे त्याच्या बापाच्या काळी असायचे. बांधलेलं जाळं असं चालत नाही. गाठ सुटली म्हणावं तर जाळं वाहून जायला हवं होतं. ते वाहतही नव्हतं. त्यांच्या बरोबरीनं, पावलाला पाऊल लावून येत होतं.

तेवढ्यात दोराला हिसका बसला. एक. जरा थांबून दोन.

ओंडका लागला असेल, जगदेवनं मनाशी म्हटलं. कासव असेल. पण मनाचं म्हणून व्हायच्या आत जुन्या सवयीनं त्याच्या हातांनी उलटे दोन हिसके देऊन टाकले. मग दोघं चालू लागले.

उथळात जाळं आवळलं तेव्हा रूपला वेड्यासारखा हसत सुटला. हाताएवढ्या मरळी होत्या, वामी होत्या, बारीक मासळीची तर गणती नव्हती. इतकी वर्षं ही कुठं दडून बसली होती, कोण जाणे. उथळाच्या पल्याडच्या अंगाला एक पसरट दगड होता. त्याच्यावर दोराचं दुसरं टोक नीट वेटोळं करून ठेवलेलं होतं.

३

मासळी घरी पाठवून जगदेव एकटाच डोंगा घेऊन पल्याड गेला. तोवर ऊन वर आलं होतं, धुकं नव्हतं, आणि उजेडात माणसाला धीर असतो. जांभळीच्या खोडावर दोराचा ओला वळ होता. गाठ तुटली नव्हती, कुणीतरी सोडली होती. त्यानं काठ पाहिला. जांभळीपासून उथळापर्यंत सगळा चिखल होता, लोण्यासारखा मऊ. बगळ्यांची पावलं होती, कोल्ह्याची होती. माणसाचं पाऊल तेवढं नव्हतं.

पाण्यातून चालला असेल, जगदेवनं ठरवलं. मोगलाईतला कुणी भोई असेल बिचारा. काही भानगड करून पळाला असेल, तोंड दाखवायची लाज वाटत असेल. दोर कसा धरावा हे त्याला कळतं, म्हणजे आपल्यातलाच. एवढा विचार करून त्याला बरं वाटलं. काठाला लागून डोह अजून चांगलाच खोल आहे आणि तिथून पाण्यातून चालता येत नाही, हे त्याला आठवलं नाही असं नाही. त्यानं ते आठवू दिलं नाही.

आणि मग त्यानं केलं ते भोयाशिवाय दुसऱ्या कुणी केलं नसतं. दुसरा माणूस भ्याला असता, नाहीतर गपचूप सगळी मासळी घरात भरून मोकळा झाला असता. पण दोराला हात लावलेल्या माणसाचा वाटा खायचा म्हणजे भोयाच्या लेखी गाय मारण्यासारखं. जगदेवनं रीतीप्रमाणे वाटे घातले. आपला, रूपलाचा, विधवेचा म्हणून कमलीबाईचा, आणि पळसाच्या पानांवर आणखी एक. तो नेऊन त्यानं उथळातल्या पसरट दगडावर ठेवला.

"कोन हाय गा तिकडं?" त्यानं हाक दिली. "तुहा वाटा ठेवला. घेऊन जाय."

कुणी ओ दिली नाही. दुसऱ्या दिवशी दगडावर पानं तेवढी होती, स्वच्छ धुतलेली.

४

त्या दिवसापासून नदी उलटी फिरली म्हणायची. इस्माईलभाई केनवडच्या बाजारात मासळी विकायचा, तो आपलं तट्टू घेऊन पुन्हा काठावर येऊ लागला. गेली दोन वर्षं त्यानं बेटाकडे पाठ फिरवली होती.

"क्या बात हाय जगदेव," टोपल्या भरता भरता तो म्हणाला, "आख्ख्या नदीत वरून खालपर्यंत कोनाले एक चिंगळी भेटून नाई राह्यली. अन् तुयाजवळ हे? काय जादू केली बाप्पा?"

"हात हाय ना आपला," जगदेव म्हणाला. खरं तर किती हात, हे त्यालाच विचारायचं होतं.

रूपलानं जिनाचं नाव टाकलं. चारच दिवसांत गोजराबाईला लुगडं आलं, घरावर नवं गवत आलं. रूपला एक दिवस शेजारच्या पडक्या झोपडीत शिरून मेढी हलवून पाहू लागला. हेही घर उभं करू म्हणाला, आता मासळी हाय म्हटल्यावर मानसंही येतीन. जगदेवनं हे ऐकलं आणि तोंड फिरवलं, कारण त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. याच्यासाठी तर सगळा जीव टांगणीला होता. पल्याड कोण आहे, हे विचारायचं त्यानं बंद केलं. सकाळी भोपळे सरळ दिसले की तो मान खाली घालायचा आणि ओढायचा.

कमलीबाईनं मात्र पहिल्या दोन दिवसांनंतर वाटा परत पाठवला. जगदेव चिडूनच तिच्या दारात गेला.

"काहून वं काकी? मासोळी कडू लागली काय?"

म्हातारी चुलीपुढं बसून नुसता भाकरीचा तुकडा मिठाशी खात होती. तिनं मान वर केली नाही.

"पल्याड कोन धरते रे जगदेव?"

"असंन मोगलाईतला कोनी."

"पाह्यला?"

"नाई पाह्यला. तोंड लपवते तो."

"अन् तू वाटा देतं त्याले."

"मंग? दोराले हात लावला, वाटा द्याचा नाई?"

"देल्ला ना? झालं तं मंग." कमलीबाईनं तुकडा खाली ठेवला. "वाटा घेतला त्याले पाळी असते, हे मी तुले सांगाव? बाजार झाला की तो म्हनन, आता मी येतो अल्याड. तुह्या घरून कोन जाईन रे तिकडं?"

जगदेव तसाच निघाला. बेटावर ऊन होतं, गोजराबाई धुणं वाळत घालत होती, रूपला मेढीला खड्डा खणत गाणं म्हणत होता. त्या सगळ्यात उभं राहून जगदेवला हुडहुडी भरली.

५

बाजाराच्या दिवशी संध्याकाळी, जेवायच्या आधी, त्यानं पोराला बाजूला घेतलं.

"रूपला, तू जिनात जाय."

रूपलाला वाटलं बाप थट्टा करतो आहे. "आता? जवा पोट भरत नव्हतं तवा रोखून धरलं, अन् आता जाय म्हनतं?"

"नदीचा भरोसा नाई बाबा. उद्याच निघ. इस्माईलभाईच्या संगं केनवडले जाय, तिथून वाशीम."

"काहून पन? काय झालं ते तं सांग."

काय सांगायचं? पल्याडच्या चिखलात माणसाचं पाऊल नाही, दगडावरची पानं धुतलेली असतात, म्हातारीनं भाकर मिठाशी खाल्ली? जगदेव बोलायला गेला आणि त्याचं त्यालाच ते येडपटासारखं वाटलं. रूपलानं त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाला, "बा, तू थकला. मी हाय ना." जगदेवला त्या घटकेला वाटलं, पोराच्या दोन थोबाडीत द्याव्यात आणि त्याला बांधून तट्टावर घालावं. त्यानं तसं केलं नाही. उद्यापासून जाळंच टाकायचं नाही असं त्यानं मनाशी ठरवलं, जाळं उतरवून घरात उशाला घेतलं आणि झोपला.

जाग आली तेव्हा उशाला जाळं नव्हतं. दार उघडं, बाहेर पांढरं धुकं. गोजराबाई सडा टाकत होती.

"रूपला कुठी गेला?"

"पल्याड."

"पल्याड काहून?"

"आता तुमीच तं दोर ठेवला ना दारात," गोजराबाई म्हणाली. "वेटोळं करून. ओलाच होता. आज पाळी बदलाची म्हने बाले, तोंडानं सांगाले लाजते, असं म्हनून हसला अन् गेला डोंगा घेऊन."

दारात दोर ठेवला की त्या घराची पाळी, हे बेटावरच्या लेकरालाही ठाऊक असायचं. जगदेव धावत काठावर आला. जाळं पसरलेलं होतं. अल्याडचा दोर खुंटीला अडकवून ठेवला होता, त्याचीच वाट बघत.

"रूपला! सोड तो दोर! परत ये!"

धुक्यानं आवाज गिळला. खुंटीवरचा दोर ताठ झाला. एक हिसका आला, मग दोन, आणि दोनाला चिकटून एक लहानसा.

जगदेवनं दोर हातात घेतला. न घेऊन करतो काय? पल्याड पोराच्या कमरेला वेढा होता. इकडून दोर सुटला असता तर जाळ्याचं सगळं ओझं धारेबरोबर त्याला डोहात घेऊन गेलं असतं. जाळं टाकून पोहत पलीकडे जावं, तर तेच. ओढत राहणं आणि लवकर उथळ गाठणं, एवढंच त्याच्या हातात होतं. तो रडत ओढत होता. भोपळ्यांची रांग सरळ होती.

मध्येच वाऱ्याची झुळूक आली आणि धुकं जरा फाटलं. पल्याडच्या काठाला रूपला दिसला, पाठमोरा, कमरेत वाकलेला. त्याच्यापुढं दोर संपायला हवा होता. तो संपला नव्हता. पुढं आणखी कुणीतरी दोराला होतं, तसंच वाकलेलं, आणि त्याच्याही पुढं वाकलेली पाठ होती. रूपला थांबला. त्यानं कमरेचा वेढा सोडला नाही. पुढचा मात्र सरळ झाला, दोरातून बाहेर पडला आणि डोंग्याकडे चालू लागला. जगदेवला त्याचं तोंड दिसायच्या आत धुकं मिटलं.

६

उथळात जाळं आवळलं, तोवर डोंगा अल्याड लागला. त्यातून रूपला उतरला.

जगदेवनं त्याला छातीशी धरलं, चाचपलं. अंग ओलं होतं, गार होतं; नदीवरून आलेल्या माणसाचं असतं तसं. कपाळ तेच, कानाखालचा व्रण तोच. "तिकडं कोन होतं?" जगदेवनं विचारलं. "कोनी नाई," तो म्हणाला. धुक्यात दिसतं काहीबाही, जगदेवनं स्वतःला बजावलं. रडणाऱ्या डोळ्यांना काय, एकाचे तीन दिसतात. पोरगा समोर उभा आहे, आणखी काय पाहिजे?

घरी पोरगा पोटभर जेवला. "माय, पानी कुठी हाय?" त्यानं विचारलं. गोजराबाई हसली. "जन्म गेला याच घरात, अन् रांजन दिसत नाई तुले?" त्यानं इकडं तिकडं पाहिलं, रांजण सापडला, आणि तो बराच वेळ पाणी पीत राहिला. गोजराबाईला कौतुक वाटलं. आज काय शहाण्यासारखा जेवला पोरगा, ती म्हणाली, एका जागी बसून, न बोलता.

दुसऱ्या सकाळी जगदेव आधी स्वतः पल्याड गेला. दोराचं टोक जांभळीला बांधलं, गाठीवर गाठ मारली, ओढून पाहिली, आणि परत आला. पोरगा काठावर तयार उभा होता. दोघांनी दोर धरला, पोरगा पुढं, बाप मागं.

भोपळे सरळ झाले. मग हिसका आला. एक. मग दोन, आणि त्या दोनाच्या पाठीला चिकटून एक लहानसा, घाईचा.

जगदेव जागीच उभा राहिला. या घाईपायी त्यानं रूपलाला लहानपणी किती बदडलं होतं. दोन म्हणजे दोन द्यायचे, मधीच कायले खाजवतं, म्हणून. मार खाऊनही पोराची खोड गेली नव्हती. बेटावर दुसऱ्या कुणाचा हात असा चालत नव्हता. जगदेवनं एक हिसका दिला. लगेच पल्याडून उत्तर आलं, दोन आणि एक लहान. पुन्हा दिला. पुन्हा तेच, पण आता जोरात, जीव खाऊन.

पुढं उभा असलेला मागं वळून पाहत नव्हता. दोर धरून शांत उभा होता. रूपला असा शांत जन्मात उभा राहिला नव्हता.

"बाजाराच्या दुसऱ्या दिवशी पाळी बदलते," जगदेव म्हणाला. "बदलते ना रे? अल्याडचा जाते, पल्याडचा येते. रीत हाय आपली."

"हाय."

"मंग या बाजारानंतर तू जाशीन ना?"

त्यानं मान वळवली. चेहरा रूपलाचाच होता आणि त्यावर बापाविषयी माया होती. महिनोन्‌महिने जगदेव जे ऐकायला तळमळला होता, तेच तो बोलला.

"मी कुठंच जात नाई, बा. मी इथंच राहीन तुह्याजवळ."

पल्याडून हिसका आला, दोन आणि एक लहान. जगदेवनं दोर घट्ट धरला आणि तो चालू लागला.